बाहेरचं ब्राँझ बघून परत फिरू नका: ओल्ड ॲबर्डीनमधलं किंग्ज कॉलेज चॅपल

आधी कामाचं सांगते. स्कॉटलंडमध्ये ॲबर्डीनला गेलात आणि तिथल्या युनिव्हर्सिटीच्या जुन्या किंग्ज कॉलेजच्या आवारात पोचलात तर चॅपलच्या, म्हणजे कॉलेजच्या प्रार्थनास्थळाच्या समोर ब्राँझ आणि संगमरवराचं एक भलं मोठं स्मारक दिसेल, वर ही युनिव्हर्सिटी काढणारा बिशप विल्यम एल्फिन्स्टन आडवा झोपलाय आणि भोवती सद्गुणांच्या स्त्रीमूर्ती आहेत, काम खरंच सुंदर आहे, आणि बहुतेक लोक तिथे फोटो काढून पुढे जातात. तेवढ्यावर थांबू नका. बिशप त्याच्याखाली नाहीये. तो आत आहे, एका साध्या काळपट दगडाखाली, आणि खरी बघायची गोष्ट पण आतच आहे. दार जड आहे, बंदच आहे असं वाटतं, ढकला आणि आत जा. आत जायला तिकीट नाही.

हा रिव्ह्यू लिहायचं खरं कारण म्हणजे आम्ही पण बाहेरूनच परत फिरणार होतो. माझा दादा ॲबर्डीनला राहतो, तेल कंपन्यांच्या कामामुळे तिथे आपले बरेच लोक आहेत, आणि मी मे महिन्यात दोन आठवडे त्याच्याकडे गेले होते. दादा-वहिनींना मी पहिल्याच दिवशी सांगितलं होतं की मला किल्ले आणि व्हिस्की काही नको, मला एल्फिन्स्टन बघायचाय. वहिनी म्हणाली ताई तो मुंबईत होता ना. तर तो वेगळा.

माझं बीए एल्फिन्स्टन कॉलेजमधून झालं, काळा घोड्याला, जहांगीरच्या समोर. आमचं कॉलेज ज्याच्या नावाचं आहे तो माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टन, पेशवाई बुडाली तेव्हा पुण्यात रेसिडेंट होता आणि मग १८१९ ते १८२७ मुंबईचा गव्हर्नर. आणि एल्फिन्स्टन रोड स्टेशन, जे २०१८ मध्ये प्रभादेवी झालं पण आमची आई अजून एल्फिस्टनच म्हणते, ते त्याच घराण्यातल्या दुसऱ्याचं, १८५३ ते १८६० गव्हर्नर असलेल्या लॉर्ड एल्फिन्स्टनचं. हे मूळ आडनाव एका गावाचं आहे, एडिंबरोच्या पूर्वेला ईस्ट लोदियनमध्ये एल्फिन्स्टन नावाचं छोटं गाव आहे. आणि या मुंबईच्या मंडळींच्या तीनशे वर्षं आधी याच आडनावाचा एक बिशप विल्यम एल्फिन्स्टन होऊन गेला ज्याने ॲबर्डीनमध्ये युनिव्हर्सिटी काढली. तो काही आपल्या गव्हर्नरचा आजा-पणजा नाही, आडनाव तेवढं एक, पण तीन वर्षं ज्या नावाच्या आयकार्डवर काढली त्या नावाचा सगळ्यात मोठा माणूस बघावा असं मनात होतं.

सकाळी निघालो तेव्हा समुद्रावरून धुकं आलं होतं, तिकडे त्याला हार म्हणतात, मे महिन्यात पण येतं आणि आलं की दहा फुटांपलीकडचं दिसत नाही, त्यामुळे जॅकेट घेऊनच निघा. मेन सिटीतून बसने दहा-पंधरा मिनिटांत ओल्ड ॲबर्डीन येतं. हा भाग पूर्वी वेगळं गावच होता, राजाकडून १४८९ मध्ये त्याला स्वतंत्र गावाचा दर्जा मिळवून दिला तो याच बिशपने, आणि मोठ्या ॲबर्डीनमध्ये तो विलीन झाला १८९१ मध्ये, म्हणजे चारशे वर्षांनी. ते अजून जाणवतं. शहर सगळं ग्रॅनाइटचं, करडं, आणि इथे आलं की एकदम दगडी फरसबंदीचा रस्ता, बुटकी घरं, आणि त्या धुक्यातून वर एक दगडी मुकुट. अक्षरशः मुकुट, टॉवरच्या डोक्यावर बसवलेला.

आता ऑडिओ टूरबद्दल. मी फोनवर एक विकतची ऑडिओ टूर डाउनलोड केली होती, नाव घेत नाही कारण ज्याने बनवली त्याने मेहनत घेतली असणार, पण स्मारकासमोर उभं राहिल्यावर त्यातल्या बाईने स्पष्ट सांगितलं की इथे बिशप एल्फिन्स्टन चिरविश्रांती घेतोय. माझी भाची अकरा वर्षांची, तिने ब्राँझच्या पायाला हात लावून विचारलं, आत्या हा इथेच आहे का, आतमध्ये, या पेटीत? मी म्हटलं हो गं. म्हणजे मी पण चुकीचंच सांगितलं. मग पाऊस आला म्हणून आम्ही चॅपलमध्ये शिरलो, आत एक म्हातारे गृहस्थ होते, त्यांनी भाचीला बोटाने वेदीच्या बाजूची जमीन दाखवली आणि म्हणाले तो इथे आहे. तिने माझ्याकडे जे बघितलं ना, ते मी विसरणार नाही. पाऊस आला नसता तर आम्ही ते न बघताच घरी गेलो असतो, आणि तीनशे रुपयांचं ॲप घेऊन चुकीची गोष्ट डोक्यात ठेवली असती. त्यामुळे ऑडिओ टूरला माझ्याकडून पाचात दोन, चॅपलला पाचात पाच, सहा असते तर सहा.

स्मारकाचं असं आहे की ते हेन्री विल्सन नावाच्या इंग्रज शिल्पकाराने विसाव्या शतकात केलं, ठेवायचं होतं चॅपलच्या आत, पण ते इतकं मोठं झालं की आत मावेना, म्हणून शेवटी बाहेर. आतला जो मूळ थडग्याचा दगड आहे त्याच्यावर पण एके काळी धातूची मूर्ती होती, धर्मसुधारणेनंतरच्या, म्हणजे १५६० मध्ये स्कॉटलंड कॅथलिक पंथ सोडून प्रोटेस्टंट झालं त्यानंतरच्या काळात ती गेली, आता नुसता गडद दगड उरलाय. मला तो दगड जास्त आवडला. त्याच्याजवळ उभं राहिलं की माणूस किती लांबून आला होता ते डोक्यात येतं.

कारण हा बिशप काही मोठ्या घरात सरळ जन्मलेला नव्हता. ग्लासगोचा, जन्म १४३१. वडील पण विल्यम एल्फिन्स्टन, चर्चमधलेच, पुढे आर्चडीकन झाले, आई मार्गारेट डग्लस, आणि दोघांचं लग्न झालेलं नव्हतं. त्या काळी लग्नाबाहेर जन्मलेल्या मुलाला पाद्री होता येत नसे, पोपकडून खास सूट आणावी लागे, ती याच्यासाठी आणली गेली. म्हणजे पुढे ज्याने पोपकडून युनिव्हर्सिटी मंजूर करून आणली त्याचं पोपच्या दरबाराशी पहिलं काम स्वतःच्या जन्माचा डाग पुसण्याचं होतं. ही गोष्ट मला तिथल्या तिथे कोणी सांगितली नाही, आधी वाचलेली होती, पण दगडासमोर ती वेगळीच लागली.

शिक्षण पण आरामात झालं नाही. ग्लासगो युनिव्हर्सिटी तेव्हा नवीनच होती, १४५१ ची, तिथून एमए झाला १४६२ मध्ये, वयाच्या तिशीनंतर. मग काही वर्षं ग्लासगोतच एका चर्चचं काम बघितलं. आणि मग काकाने पैसे दिले म्हणून पॅरिसला गेला, १४६५ च्या सुमारास, चर्चचा कायदा शिकायला, तिथे इतका हुशार निघाला की शिकवायलाच लागला, तिथून ऑर्लेआँला जाऊन रोमन कायदा शिकला. परत आला तेव्हा चाळिशीला टेकला होता. आपल्याकडे पस्तिशीत परत कॉलेजला जातो म्हटलं की चार लोक बोलतात, आणि हा माणूस त्या वयात समुद्र ओलांडून गेला आणि पुढची सगळी करिअर त्या शिक्षणावर उभी केली.

करिअर भराभर सांगते नाहीतर नुसत्या पदव्यांची यादी होईल. ग्लासगोत चर्चच्या कोर्टाचा न्यायाधीश, १४७४ मध्ये ग्लासगो युनिव्हर्सिटीचा रेक्टर, मग लोदियनला न्यायाधीश, मग पार्लमेंट, १४७९ मध्ये फ्रान्सच्या अकराव्या लुईकडे राजाचा दूत म्हणून, १४८१ मध्ये रॉसचा बिशप म्हणून नेमणूक, १४८३ मध्ये ॲबर्डीनचा. इंग्लंडशी बोलणी असली की याला पाठवायचे, १४८४ मध्ये नॉटिंगहॅमला इंग्लंडचा राजा तिसऱ्या रिचर्डबरोबर जो तह झाला त्यात हा होता. १४८८ च्या सुरुवातीला स्कॉटलंडचा राजा तिसऱ्या जेम्सने याला चान्सलर केलं, म्हणजे राज्यातलं सगळ्यात मोठं पद, आणि काही महिन्यांतच ११ जूनला सॉशीबर्नच्या लढाईत राजा मारला गेला, आणि लढाईत समोरच्या बाजूला कोण तर राजाचाच पंधरा वर्षांचा मुलगा, जो मग चौथा जेम्स झाला.

इथे मला हा माणूस कळायला लागला. जुन्या राजाचा चान्सलर, म्हणजे नव्या राजवटीत बाजूला फेकला जाणारच, पद गेलंच. पण थोड्याच वर्षांत, १४९२ मध्ये, त्याच नव्या राजाने याला राजमुद्रा सांभाळायला दिली, आणि मरेपर्यंत, बावीस वर्षं, ती याच्याकडेच राहिली. कायदा येणारा, हिशेब चोख ठेवणारा माणूस कोणत्याही राजाला लागतो हे खरं, पण बापाचा माणूस मुलाने इतका जवळ करावा म्हणजे त्याच्यावर विश्वास ठेवता येत असणार.

आणि त्या विश्वासातून युनिव्हर्सिटी आली. चौथ्या जेम्सच्या नावाने रोमला अर्ज गेला, अर्जात काय लिहिलं होतं तर राज्याचा उत्तर भाग समुद्राच्या खाड्यांनी आणि उंच डोंगरांनी तुटलेला आहे, तिथले लोक अडाणी आहेत, जवळजवळ रानटी आहेत, प्रवचन करायला आणि संस्कार द्यायला धड शिकलेले लोक मिळत नाहीत, म्हणून ॲबर्डीनला युनिव्हर्सिटी द्या. दादाच्या ऑफिसमधल्या उत्तरेकडच्या लोकांना हे अजून टोचतं म्हणे, आणि टोचणारच. पण मी शाळेत नोकरी केली आहे, अनुदानाचा प्रस्ताव लिहिताना गरज किती मोठी करून सांगावी लागते मला माहीत आहे, आणि मला वाटतं त्या वाक्यांमागे तिरस्कारापेक्षा वकिली जास्त आहे. १० फेब्रुवारी १४९५ ला पोप सहावा अलेक्झांडर याने आज्ञापत्र दिलं. हाच तो बोर्जिया पोप ज्याच्याबद्दल इतिहासात चांगलं फारसं कोणी लिहिलं नाही, आणि त्याच्या सहीने ॲबर्डीनच्या पोरांची पाचशे वर्षांची सोय झाली. सेंट अँड्र्यूज आणि ग्लासगोनंतर स्कॉटलंडमधली तिसरी, आणि ऑक्सफर्ड-केंब्रिज धरून इंग्रजी बोलणाऱ्या जगातली पाचवी.

एवढंच करून थांबला नाही. १४९७ मध्ये तिथे वैद्यकशास्त्राचं अध्यापकपद निर्माण केलं, इंग्रजी बोलणाऱ्या जगात असं पद त्याआधी कुठेच नव्हतं. वहिनी नर्स आहे, तिला ही गोष्ट सगळ्यात आवडली, तिने तिथेच उभ्या उभ्या तिच्या हॉस्पिटलच्या ग्रुपवर टाकली. त्याच्या आधीच्या वर्षी, १४९६ मध्ये, स्कॉटलंडच्या पार्लमेंटने कायदा केला की सरदार आणि जमीनदारांनी आपला थोरला मुलगा आठ-नऊ वर्षांचा झाला की शाळेत घालायचा, लॅटिन नीट येईपर्यंत तिथे ठेवायचा, आणि मग तीन वर्षं कला आणि कायदा शिकवायचा, म्हणजे गावोगावी न्याय देणारे लोक स्वतः कायदा जाणणारे असतील आणि गरिबाला प्रत्येक छोट्या तंट्यासाठी राजाच्या कोर्टापर्यंत जावं लागणार नाही. या कायद्यामागे एल्फिन्स्टनचाच हात होता असं मानतात. मुलींचा त्यात उल्लेख नाही, आणि गरिबाच्या मुलाला शाळा नाही, थोरल्या मुलापुरतंच आहे ते, पण न्याय आणि शिक्षण यांची गाठ घालणारा हा विचार पंधराव्या शतकातला आहे हे वाचून मी थांबले होते.

आता चॅपल. बाहेर पश्चिमेच्या भिंतीवर लॅटिनमध्ये लेख कोरलाय, त्यात तारीख दिली आहे, २ एप्रिल १५०० ला गवंड्यांनी हे काम सुरू केलं. ही तारीख मुद्दाम निवडली असं म्हणतात, त्या काळच्या गणिताप्रमाणे सॉलोमनच्या मंदिराचं काम त्याच दिवशी सुरू झालं होतं. बाहेरच्या आधारभिंतींवर राजघराण्याच्या कुलचिन्हांच्या ढाली कोरल्या आहेत, चौथ्या जेम्सची आहे, त्याची राणी मार्गारेट ट्यूडर हिची आहे. दगड ग्रॅनाइट नाही, वालुकाश्म आहे, म्हणून पिवळसर, आणि ऊन पडलं की अख्ख्या करड्या गावात ती एकच भिंत उबदार दिसते. वरचा मुकुट १६३३ च्या वादळात कोसळला होता, परत बांधला. तो साधा मुकुट नाही, वरून बंद असलेला सम्राटाचा मुकुट आहे, म्हणजे आमचा राजा आमच्या देशात कोणाच्या हाताखाली नाही असं इंग्लंडला दगडात लिहून ठेवलंय.

एक गोष्ट मला फार आवडते ती म्हणजे हे बांधायला सामान कसं आणलं. नेदरलँड्सच्या बाजूला स्कॉटिश व्यापाऱ्यांचं काम बघणारा अँड्र्यू हॅलीबर्टन म्हणून एक माणूस होता, त्याची खातेवही शिल्लक आहे, आणि त्यात बिशपचं खातं आहे. इकडून लोकर, साल्मन मासे पाठवायचे आणि तिकडून हातगाड्या, चाकं लावलेले गाडे, आणि दगड फोडायला बंदुकीची दारू आणायची. युनिव्हर्सिटी काढली म्हटलं की आपल्याला पदवीदान समारंभ दिसतो, पण एका बिशपने मासे विकून हातगाड्या मागवल्या ते कोणी सांगत नाही. मला तर ते वाचल्यावर हा माणूस एकदम ओळखीचा वाटायला लागला, शाळेची इमारत उभी करताना सिमेंटच्या गोण्या मोजणारे आमचे जुने हेडसर आठवले.

आत गेलात की पहिला भाग युद्धात गेलेल्यांचं स्मारक आहे, दोन्ही महायुद्धांत गेलेल्या युनिव्हर्सिटीच्या लोकांची नावं, तिथे थोडा वेळ शांत उभे राहा. मग लाकडी पडदा येतो, आणि त्याच्या पलीकडे गेलात की तोंडातून शब्द जात नाही. ओक लाकडाची आसनं, दोन्ही बाजूंना ओळीने, वर छत्रीसारखे कोरलेले भाग, प्रत्येकाचं कोरीवकाम वेगळं, एकासारखं दुसरं नाही. भाचीने अर्धा तास यातच घालवला, दोन सारखे सापडतात का बघत, सापडले नाहीत. स्कॉटलंडमधलं मध्ययुगीन लाकूडकाम धर्मसुधारणेत बहुतेक सगळं जळलं-फुटलं, आणि जे वाचलं त्यातलं सगळ्यात चांगलं हे इथलं. छत पण लाकडाचंच, पट्ट्या-पट्ट्यांचं. आणि ते वाचलं कसं तर १५६० मध्ये जमाव कॉलेजवर चालून आला तेव्हा तिथल्या प्रिन्सिपलने, अलेक्झांडर अँडरसनने, कॉलेजच्या लोकांच्या हातात हत्यारं दिली आणि जमावाला आत येऊ दिलं नाही. तो कॅथलिकच राहिला, म्हणून १५६९ मध्ये त्याची नोकरी गेली. लाकूड राहिलं.

फ्लॅश मारू नका, बोलायचं तर हळू बोला, आणि जाण्याआधी वेळ बघून जा कारण हे अजून चालू चॅपल आहे, प्रार्थना किंवा लग्न असलं की बाहेरच्यांना आत सोडत नाहीत. रंगीत काचांकडे पण बघा, डग्लस स्ट्रॅखन म्हणून ॲबर्डीनचाच माणूस होता, त्याची कामं आहेत, निळा रंग असा की धुक्याच्या दिवशी पण आत उजेड वाटतो. वयस्कर लोकांसाठी सांगते, रस्ता फरसबंदीचा आहे, चप्पल नको, बूट घाला, आणि आईला आणलं असतं तर तिला त्या रस्त्यावर त्रास झाला असता असं मला वाटलं. बाकी आत बसायला जागा आहे, कोणी उठवत नाही.

चॅपलमधून निघालात की तसंच सरळ चालत सेंट मॅकार कॅथेड्रलला जा, पंधरा मिनिटं लागतात, वाटेत बोटॅनिक गार्डन आहे. हे बिशपचं स्वतःचं कॅथेड्रल. गोष्ट अशी सांगतात की संत कोलंबाने मॅकारला सांगितलं होतं, जिथे नदी बिशपच्या काठीसारखी वळते तिथे चर्च बांध, आणि डॉन नदी खरंच इथे तशी वळते, मागच्या सीटन पार्कमध्ये उतरलात की दिसतं. एल्फिन्स्टनने इथला मधला टॉवर पुरा केला, पण १६८८ मध्ये तो कोसळला आणि पूर्वेकडचा भाग घेऊन गेला, आता उरलाय तो फक्त पुढचा भाग. तरी जा, कारण वरचं छत. १५२० च्या सुमारास बिशप गॅव्हिन डनबारने करून घेतलेलं, कुलचिन्हांच्या ४८ ढाली तीन ओळींत, मधल्या ओळीत पोप आणि चर्चची माणसं, एका बाजूला स्कॉटलंडचा राजा आणि सरदार, दुसऱ्या बाजूला सम्राट आणि युरोपचे राजे. मान दुखते पण बघा. इथे मी जास्त लिहीत नाही कारण हे एल्फिन्स्टननंतरच्या माणसाचं काम आहे आणि माझं मन चॅपलमध्येच होतं.

एल्फिन्स्टनचं अजून एक काम आहे जे त्या आवारात दिसत नाही. स्कॉटलंडमध्ये छापखाना आला तो त्याच्या गरजेमुळे. तोपर्यंत तिथल्या चर्चमध्ये प्रार्थनेची पुस्तकं इंग्लंडच्या सॉल्झबरीच्या पद्धतीची वापरत, संत सगळे बाहेरचे. याने स्कॉटलंडभरच्या संतांच्या कथा गोळा करायला लावल्या, मॅकार, निनियन, केंटिगर्न, गावोगावची माहिती, आणि त्यातून ॲबर्डीन ब्रेव्हिअरी हे प्रार्थनेचं पुस्तक तयार झालं. १५०७ मध्ये राजाने वॉल्टर चेपमन आणि अँड्र्यू मिलर या दोघांना छापखान्याचा परवाना दिला, त्या परवान्यात बिशपच्या या पुस्तकाचा उल्लेख आहे आणि सॉल्झबरीची पुस्तकं आयात करायला बंदी आहे. १५०९-१० मध्ये दोन खंड छापून आले. पन्नास वर्षांत धर्मसुधारणा झाली आणि पुस्तकाचा उपयोग संपला, आज प्रती हातावर मोजण्याइतक्या आहेत, पण कितीतरी जुन्या संतांबद्दल जे काही माहीत आहे ते त्या पुस्तकामुळेच.

शेवट वाईट झाला. चौथ्या जेम्सने इंग्लंडवर चाल करायचं ठरवलं तेव्हा म्हातारा बिशप विरोधात बोलला, आयुष्यभर इंग्लंडशी तह करत आलेला माणूस तो, पण ऐकलं नाही कोणी. ९ सप्टेंबर १५१३, फ्लॉडनची लढाई. राजा मेला, सरदारांच्या रांगाच्या रांगा मेल्या, सेंट अँड्र्यूजचा तरुण आर्चबिशप मेला जो राजाचाच मुलगा होता. युनिव्हर्सिटीचा पहिला प्रिन्सिपल हेक्टर बोएस, ज्याला एल्फिन्स्टनने पॅरिसहून बोलावून आणलं होतं, त्याने पुढे बिशपचं चरित्र लिहिलं, आणि त्यात म्हटलंय की फ्लॉडननंतर कोणी त्याला आनंदात बघितलं नाही. रिकाम्या झालेल्या आर्चबिशपच्या जागेवर याचं नाव पुढे केलं गेलं, ऐंशी ओलांडलेल्या माणसाचं, पण त्याआधीच २५ ऑक्टोबर १५१४ ला तो एडिंबरोमध्ये वारला. तिथून त्याला ॲबर्डीनला आणून त्या चॅपलमध्ये पुरलं.

मी दुसऱ्यांदा गेले, एकटी, निघायच्या आदल्या दिवशी. आत कोणी नव्हतं. दगडाजवळ बसून राहिले. कोणी एक विद्यार्थिनी आली, हिजाब घातलेली, बॅग खाली ठेवली, पाच मिनिटं शांत बसली आणि परीक्षेला असावी तशी घाईने निघून गेली. मला भरून आलं. ज्याच्या जन्मामुळे त्याला दारातच अडवलं असतं त्याने उघडलेलं दार आहे ते.

आणि पूल. जाताना दादाने मुद्दाम गाडी शहराच्या दक्षिणेला ब्रिज ऑफ डी वरून घातली. पुलासाठी पैसे एल्फिन्स्टनने ठेवले होते, त्याच्या हयातीत झाला नाही, डनबारने १५२७ मध्ये पुरा केला, १८४० च्या दशकात रुंद केला, आणि अजून त्याच्यावरून गाड्या जातात, संध्याकाळी तर ट्रॅफिक जॅम असतो. आम्ही पलीकडे गाडी लावून नदीकाठी उतरलो. भाचीने कमानी मोजल्या, सात, परत मोजल्या, सात, आणि मग विचारलं, आत्या, याच्या खाली तर नाहीये ना कोणी?